विमान डोक्यावरून जातं, हिशेबही जातो

नाशिकहून पिंपळगावकडे जाणाऱ्या एसटीत खिडकीशी बसला असाल, तर दहाव्या मैलाच्या आसपास तुम्ही हे कधी ना कधी अनुभवलं असेल. आधी आवाज येतो, मग अख्खी एसटी एका बाजूला झुकते आणि तोवर विमान दिसेनासं झालेलं असतं. बाहेरगावचे लोक मोबाइल काढतात. ओझरचे, निफाडचे लोक मानही वर करत नाहीत. आमच्या घरी सुखोई गेलं की आजी "आलं गं बाई" एवढंच म्हणायची आणि टीव्हीचा आवाज वाढवायची.

गेल्या १७ ऑक्टोबरला, वसुबारसेच्या दिवशी, मात्र सगळ्यांनीच मान वर केली. ओझरच्या हिंदुस्तान एरोनॉटिक्समध्ये, म्हणजे एचएएलमध्ये तयार झालेलं पहिलं तेजस मार्क-१ए त्या दिवशी उडालं. संरक्षणमंत्री राजनाथ सिंह आले होते. तेजसची देशातली तिसरी आणि एचटीटी-४० या प्रशिक्षण विमानाची दुसरी प्रॉडक्शन लाइन त्यांच्या हस्ते सुरू झाली. पाण्याच्या सलामीचा रील तुम्ही बघितला असेल, शेअरही केला असेल. मीही केला.

भाऊबीजेला माझा मावसभाऊ घरी आला. तो सातपूरच्या एका वर्कशॉपमध्ये सीएनसी मशीनवर आहे. तिथे विमानाचे छोटे पार्ट बनतात. मी उत्साहाने त्याला रील दाखवला. त्याने बघितला, फोन परत दिला आणि विचारलं, "पण हे काम किती दिवस चालणार?"

मी मास कॉमची विद्यार्थिनी. प्रश्न विचारायचं शिक्षण मी घेतेय, आणि नेमका प्रश्न विचारला त्याने. मला उत्तर देता आलं नाही. आज तुमच्यासमोर ठेवायचं आहे ते त्यातूनच सुरू झालं. संरक्षणावरचा खर्च हा विषय आपण दोनच प्रकारे बोलतो. कॅन्टीनमध्ये कुणी काढलाच, तर एक जण म्हणतो, "देशासाठी आहे, त्यात काय विचारायचं?" दुसरा म्हणतो, "एवढ्या पैशात किती शाळा झाल्या असत्या!" दोन्ही वाक्यांनंतर चहा संपतो आणि विषयही. मला दोन्ही वाक्यं आळशी वाटतात. पहिल्याला आकडा बघायचा नसतो आणि दुसऱ्याला आकड्याच्या आत काय आहे ते बघायचं नसतं.

तर आकडा बघू. २०२५-२६ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात संरक्षण मंत्रालयाला ६ लाख ८१ हजार कोटी रुपये मिळाले. म्हणजे केंद्र सरकार जे शंभर रुपये खर्च करतं, त्यातले साडेतेरा. यातले साधारण १ लाख ६० हजार कोटी निवृत्तिवेतनाचे. पगार, इंधन, दारूगोळा, देखभाल यात फार मोठा वाटा जातो. नवीन काही विकत घ्यायला, ज्याला भांडवली खर्च म्हणतात, उरतात १ लाख ८० हजार कोटी. आणि त्यातही विमानं आणि विमानांची इंजिनं यांसाठी ठेवलेले आहेत साधारण ४८ हजार ६०० कोटी. मावसभावाची नोकरी या शेवटच्या आकड्यात कुठेतरी आहे. ओझरच्या स्टॉपवरची मिसळीची गाडी आणि टाउनशिपमधल्या शाळेची पटसंख्यासुद्धा.

ओझर हे गाव मुळात बाणगंगेकाठचं, द्राक्षांचं, कांद्याचं. इथे विमानं आली ती १९६२ च्या चीन युद्धामुळे. त्या पराभवानंतर यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला गेले आणि १९६३ मध्ये नाशिकमधूनच लोकसभेवर बिनविरोध निवडून आले. मिग-२१ भारतात बनवायचं सोव्हिएत रशियाशी ठरलं होतं. १९६४ मध्ये ओझरचा कारखाना उभा राहिला. काम तीन ठिकाणी वाटलं गेलं : विमानाचा सांगाडा आणि जुळणी ओझरला, इंजिन ओडिशातल्या कोरापुटला, इलेक्ट्रॉनिक्स हैदराबादला. आजही लोक गावाचं नाव सांगताना 'ओझर मिग' म्हणतात, तो हा मिग.

मिग-२१ नंतर मिग-२७ आलं, मग सुखोई-३० एमकेआय. २००० सालच्या करारानुसार आधी १४० सुखोई इथे बनवायची होती, पुढे ऑर्डर वाढून आकडा २२२ वर गेला. २६ सप्टेंबर २०२५ ला चंडीगडमध्ये मिग-२१ ला निरोप दिला गेला, तेव्हा टीव्हीवर सगळे वैमानिक बोलत होते. ते बरोबरच आहे. पण ओझर, टाउनशिप, पंचवटी, सिडको इथल्या कितीतरी घरांतल्या आजोबांनी त्या विमानाचे रिव्हेट ठोकलेत. त्यांच्यापर्यंत माइक फारसा पोचला नाही. (आमच्या पानावर तरी पोचायला हवा होता. इंटर्नने संपादकांना असं सांगायचं नसतं, पण सांगितलं.)

या साठ वर्षांत ओझरने हजारो माणसांना विमान बांधायला शिकवलं. पण ड्रॉइंग बाहेरून आलेलं होतं. लायसन्स घेऊन बांधणं आणि स्वतः डिझाइन करणं यात किती फरक आहे, हे इंजिनिअरिंगच्या मुलांना वेगळं सांगायला नको. तुम्ही जर्नल कॉपी करून सबमिशन पूर्ण केलंय, आणि व्हायवामध्ये काय होतं तेही बघितलंय.

आता मावसभावाच्या प्रश्नाकडे. 'किती दिवस' हा ओझरचा जुनाच प्रश्न आहे. इथे सगळं एका गिऱ्हाइकावर चालतं. गिऱ्हाईक म्हणजे हवाई दल, आणि हवाई दलाचा खिसा म्हणजे अर्थसंकल्प. गिऱ्हाइकाने ऑर्डर लांबवली की हॅंगर रिकामा. आठवतंय? २०१८-१९ मध्ये सुखोईच्या ऑर्डरी संपत आल्या होत्या आणि नवीन काही हातात नव्हतं. जानेवारी २०१९ मध्ये तर तेव्हाचे अध्यक्ष आर. माधवन यांनी सांगितलं, की पगार करण्यासाठी कंपनीला सुमारे ९६२ कोटींचा ओव्हरड्राफ्ट घ्यावा लागला. कारण सगळ्यात मोठ्या गिऱ्हाइकाकडची बिलं थकली होती. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये वेतनकरारासाठी देशभरातले एचएएलचे कामगार संपावर गेले, त्यात ओझरही होतं. आपण तेव्हा शाळेत होतो. मला फक्त गेटबाहेरची गर्दी आठवते.

आणि आज? मार्च २०२५ अखेर याच कंपनीच्या हातात जवळपास १ लाख ९० हजार कोटींच्या ऑर्डरी होत्या. त्यानंतर सप्टेंबरात आणखी ९७ तेजसचा, ६२ हजार कोटींहून मोठा करार झाला. डिसेंबर २०२४ मध्ये १२ सुखोईंचा, साडेतेरा हजार कोटींचा करार झाला होता. ती विमानं ओझरलाच बनणार आहेत. सहा वर्षांपूर्वी पगाराला उसने पैसे, आज ऑर्डरींचा डोंगर. मधल्या काळात ओझरने जुन्या विमानांच्या ओव्हरहॉलिंगवर दिवस काढले.

मोठा कारखाना असे दिवस काढू शकतो. सातपूर-अंबडचं वीस माणसांचं वर्कशॉप काढू शकत नाही. पीओ आली की दोन पाळ्या, ओव्हरटाइम. पीओ थांबली की आधी हेल्पर जातात, मग नवे ऑपरेटर, आणि शेवटी मालक मशीन ऑटोमोबाइलच्या कामाला लावतो. पुढच्या वेळी विमानाची ऑर्डर येते तेव्हा मायक्रॉनमध्ये काम करणारा हात गाडीच्या ब्रॅकेटवर बसलेला असतो. हे कौशल्य धूळ झटकून पुन्हा वापरता येत नाही. ते परत शिकवावं लागतं. त्याचा खर्च कुठल्याच अर्थसंकल्पात दिसत नाही.

इथे तुम्हाला थोडं लांब नेते. स्वित्झर्लंडला. यश चोप्रांच्या नाही, श्टान्सच्या. आल्प्सच्या पायथ्याशी असलेलं हे छोटं शहर. तिथे १९३९ पासून पिलाटस नावाची विमान कंपनी आहे. अख्ख्या देशाची लोकसंख्या ९० लाखांच्या आसपास, म्हणजे महाराष्ट्राच्या दहाव्या हिश्शाहूनही कमी. या श्टान्सचं आणि ओझरचं एक नातं आहे, आणि ते वसुबारसेला उद्घाटन झालेल्या दुसऱ्या विमानात, एचटीटी-४० मध्ये आहे. त्या दिवशी सगळं लक्ष तेजसने खाल्लं. माझ्या मते खरी गोष्ट एचटीटी-४० ची होती.

हवाई दलात नवीन आलेली मुलं, म्हणजे आपल्याच वयाची, आधी साध्या प्रशिक्षण विमानावर शिकतात. त्यासाठी एचएएलचं एचपीटी-३२ हे विमान होतं. त्याचं इंजिन हवेत बंद पडायचं. १७ अपघात झाले, १९ वैमानिक गेले. जुलै २००९ मधल्या अपघातानंतर ते कायमचं जमिनीवर ठेवलं गेलं. हवाई दलाकडे शिकवायला विमानच उरलं नाही. मे २०१२ मध्ये सरकारने पिलाटसकडून ७५ पीसी-७ विमानं घेतली, सुमारे २,९०० कोटींना. ती वेळेवर आली आणि चांगली चालली.

मग एचएएलने स्वतःचं एचटीटी-४० कशाला करावं? हवाई दलाचं तेव्हा हेच म्हणणं होतं. तयार, उत्तम विमान मिळतंय, तर महाग आणि अजून कागदावर असलेल्या विमानाची वाट कशाला बघायची? १९ वैमानिक गमावलेल्या माणसांनी हे म्हटलं, तर त्यांना देशी उद्योगाचे शत्रू ठरवणं मला पटत नाही. एचएएल मात्र स्वतःच्या पैशातून काम करत राहिली. मनोहर पर्रीकर संरक्षणमंत्री असताना सरकारने देशी विमानाच्या बाजूने वजन टाकलं. ३१ मे २०१६ ला ते पहिल्यांदा उडालं. पुढे ते गिरकीच्या चाचणीत अडकलं. विमान भोवऱ्यासारखं फिरत खाली येऊ लागलं तर वैमानिकाला त्यातून सुखरूप बाहेर काढता आलं पाहिजे, अशी ही परीक्षा. त्यासाठी शेपटीकडचा भाग बदलावा लागला. हा 'व्हायवा' होता, आणि या वेळी जर्नल आपलं होतं. शेवटी मार्च २०२३ मध्ये ७० विमानांची ६,८२८ कोटींची ऑर्डर मिळाली.

दरम्यान पिलाटसचं काय झालं? लाचखोरीच्या आरोपांवरून संरक्षण मंत्रालयाने २०१९ मध्ये त्या कंपनीशी नवे व्यवहार वर्षभरासाठी थांबवले. विमानं तर आपल्याकडे आहेत, उडतायत आणि त्यांना सुटे भाग लागणार. घेतलेल्या वस्तूचा विक्रेता अचानक 'बंद' झाला की काय होतं, ते सर्व्हिस सेंटर बंद पडलेला फोन वापरणाऱ्याला कळेल.

म्हणून एचटीटी-४० महत्त्वाचं. पण इथेही टाळ्या वाजवताना एक गोष्ट बघा. त्याचं इंजिन अमेरिकेच्या हनीवेलचं आहे. तेजसचं इंजिन अमेरिकेच्याच जीईचं. ८३ तेजस मार्क-१एची ऑर्डर फेब्रुवारी २०२१ मधली, आणि पहिलं विमान हवाई दलाला मार्च २०२४ पर्यंत मिळायला हवं होतं. ९९ इंजिनांच्या ऑर्डरमधलं पहिलं इंजिनच आलं मार्च २०२५ मध्ये. २०२५ संपेपर्यंत एकही मार्क-१ए हवाई दलात दाखल झालेलं नव्हतं. मिग-२१ गेल्यावर आपल्या लढाऊ तुकड्या २९ उरल्या. मंजूर आहेत ४२. हवाई दलप्रमुख अमरप्रीत सिंह यांनी गेल्या फेब्रुवारीत बंगळुरूच्या एअर शोमध्ये एचएएलच्या लोकांना नाराजी ऐकवली, आणि ती कॅमेऱ्यात पकडली गेली. नोव्हेंबरात दुबईच्या एअर शोमध्ये तेजस कोसळून विंग कमांडर नमांश स्याल यांचा मृत्यू झाला. या सगळ्या गोष्टी एकाच विमानाच्या आहेत. रीलमध्ये फक्त पाण्याची सलामी होती.

स्वित्झर्लंड मला आठवतं ते फक्त पिलाटसमुळे नाही. तिथे लढाऊ विमान घ्यायचं की नाही, यावर लोक मत देतात! पुरेशा सह्या गोळा झाल्या की तिथे सरकारच्या निर्णयावर सार्वमत घ्यावं लागतं. १८ मे २०१४ ला स्विस लोकांसमोर प्रश्न होता : स्वीडनची २२ ग्रिपेन लढाऊ विमानं घेण्यासाठी निधी द्यायचा का? ५३.४ टक्के लोक 'नाही' म्हणाले. ग्रिपेन रद्द. सप्टेंबर २०२० मध्ये पुन्हा मतदान झालं, या वेळी ६०० कोटी फ्रँकपर्यंतच्या नव्या विमानांसाठी. 'हो' जिंकलं ५०.१ टक्क्यांनी. अख्ख्या देशात फरक साडेआठ-नऊ हजार मतांचा. आपल्या एखाद्या विधानसभा मतदारसंघातसुद्धा याहून मोठा फरक पडतो. २००९ मध्ये तर 'आपल्या देशाने शस्त्रं निर्यात करायचीच नाहीत' असा प्रस्ताव मतदानाला आला होता. तो ६८ टक्क्यांनी फेटाळला गेला, पण आला.

लगेच म्हणू नका, "त्यांना काय, त्यांच्या शेजारी चीन-पाकिस्तान नाही." बरोबर आहे. गेल्या मेमध्ये ऑपरेशन सिंदूर चालू असताना आपण काय रात्री काढल्या ते मला आठवतं. शेजार बघता आपण विमानागणिक मतदान घ्यावं, असं मी म्हणत नाहीये. आणि मतदान करून स्विस लोक फार शहाणे ठरले, असंही नाही. २०२० च्या 'हो'नंतर त्यांनी अमेरिकेची ३६ एफ-३५ घ्यायचं ठरवलं. सरकार लोकांना सांगत राहिलं की किंमत पक्की आहे. २०२५ मध्ये अमेरिकेने सांगितलं, नाही, जास्त पडतील. आता तिथे त्यावरून रण माजलंय. विमान बाहेरचं, इंजिन बाहेरचं, की किमतीवर आपलं नियंत्रण राहत नाही, मग तुम्ही कितीही श्रीमंत असा.

त्यांचा उलटा अनुभवही आहे. युक्रेन युद्ध सुरू झाल्यावर जर्मनीला आपल्याकडचा स्विस बनावटीचा दारूगोळा युक्रेनला द्यायचा होता. तटस्थतेच्या कायद्यावर बोट ठेवून स्वित्झर्लंडने परवानगी नाकारली. युरोपातल्या गिऱ्हाइकांनी विचारायला सुरुवात केली, 'मग तुमच्याकडून घ्यायचं कशाला?' तत्त्व आणि धंदा एकाच कारखान्यात कसे नांदणार, यावर तो देश उघडपणे भांडतोय. आपणही आता शस्त्रं विकतो, २०२४-२५ मध्ये २३,६२२ कोटींची विकली. ती कोणाला विकावीत, कोणाला नाही, यावर तुमच्या वर्गात एकदा तरी चर्चा झालीय? आमच्या नाही झाली, आणि आम्ही चर्चेचाच कोर्स करतो.

लोकसभेतही फार होत नाही. दर मार्चमध्ये चार-पाच मंत्रालयांच्या खर्चावर चर्चा होते आणि उरलेल्या सगळ्या मंत्रालयांच्या मागण्या एका आवाजी मतदानात मंजूर होतात. त्याला 'गिलोटिन' म्हणतात. कितीतरी वर्षी संरक्षणाचे लाखो कोटी या गिलोटिनखालून गेले आहेत. संसदेची स्थायी समिती अहवाल देते, 'कॅग' चुका काढतं, ते सगळं इंटरनेटवर फुकट मिळतं. वाचतं कोण?

हिशेब मागायचं नाव काढलं की आपल्याकडे एक भीती पुढे येते, आणि तिचं नाव आहे बोफोर्स. आई-बाबांना विचारा. नाशिककरांसाठी ती घरातलीच तोफ. देवळालीच्या तोफखाना स्कूलमध्ये जवान तिच्यावर शिकले. १९८६ मध्ये स्वीडनकडून ४१० तोफा घेतल्या, आणि पुढच्याच वर्षी एप्रिलमध्ये दलालीची बातमी फोडली ती स्वीडनच्याच सरकारी रेडिओने. त्यानंतर दिल्लीत प्रत्येक सहीला हात थरथरू लागला. १५५ मिलिमीटरच्या नव्या तोफेचा पुढचा मोठा करार व्हायला २०१६ साल उजाडलं. तीस वर्षं! गंमत बघा, बोफोर्ससोबत तिची ड्रॉइंगसुद्धा मिळाली होती. ती वर्षानुवर्षं पडून राहिली. खूप उशिरा त्यावरून जबलपूरला 'धनुष' तोफ तयार झाली. आणि १९९९ मध्ये कारगिलच्या डोंगरात कामी आली ती हीच बोफोर्स. म्हणजे लाचेची चौकशी व्हायला हवी होती, आणि ड्रॉइंगही उघडायला हवी होती. आपण चौकशीच्या नावाखाली काम थांबवलं. हिशेब विचारणं आणि खरेदी बंद पाडणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे आपल्याला अजून नीट जमलेलं नाही.

आणि हिशेब मागायला तज्ज्ञ असावं लागतं, हे तर मी ओझरची असून मान्यच करू शकत नाही. हे गाव विमानाआधीपासूनच हिशेबाचं आहे असं नाही, पण विमानाइतकंच त्यासाठीही ते ओळखलं जावं. १९९० च्या सुमारास इथल्या शेतकऱ्यांना वाघाड धरणाचं पाणी पोचत नव्हतं. कालव्याच्या शेपटाकडचं गाव. बापू उपाध्ये, भरत कावळे आणि समाज परिवर्तन केंद्राच्या मंडळींनी पाणी वापर संस्था काढल्या. पाणी एकरावर नाही, मोजून द्या, आम्ही मोजून पैसे देतो, असं ठरवून घेतलं. पुढे वाघाडच्या अख्ख्या लाभक्षेत्राचा कारभार शेतकऱ्यांच्याच संस्थांकडे आला. देशभरातून लोक ते बघायला येतात. यातले किती जण जलअभियंते होते? धरण पाटबंधारे खात्याचं, पण पाणी आमच्या वाट्याचं, एवढं त्यांना पक्कं माहीत होतं.

विमानाबाबत आपल्या वाट्याचं काय? मला तीन-चार गोष्टी दिसतात, तुम्हाला आणखी दिसतील. दरवर्षी शेकडो आयटीआय, डिप्लोमा आणि पदवीधर मुलं ओझरला अॅप्रेंटिस म्हणून एक वर्ष काढतात. वर्षानंतर त्यांचं काय होतं, किती जण विमान उद्योगात राहतात, हा आकडा दरवर्षी जाहीर व्हायला काय हरकत आहे? हवाई दलाने ऑर्डर एकगठ्ठा न देता दरवर्षी थोडी थोडी, पण न थांबता दिली, तर सातपूरचं वर्कशॉप तग धरेल. तेजसच्या ओझरच्या लाइनची क्षमता वर्षाला आठ विमानांची आहे. ती आठने चालणार की इंजिनाअभावी तीनने, हे तिमाहीला कळलं तर बिघडेल काय? शत्रूला उपग्रहातून दिसतं ते करदात्याला कागदावर दिसायला हरकत नसावी. आणि श्टान्सकडून घेण्यासारखं एक आहेच : पिलाटस नागरी विमानंही बनवते, जगभर विकते, त्यामुळे लष्कराची ऑर्डर आटली तरी कारखाना चालतो. एचएएलनेही नोव्हेंबर २०२३ मध्ये एअरबसशी करार केलाय, ए-३२० प्रवासी विमानांची देखभाल ओझरला करण्यासाठी. वसुबारसेच्या रीलपेक्षा ही बातमी लहान छापून आली होती. मावसभावाच्या प्रश्नाचं उत्तर कदाचित त्या लहान बातमीत जास्त आहे.

शाळांच्या वाक्याचं राहिलं. "एवढ्या पैशात किती शाळा झाल्या असत्या" हे मीही अकरावीत वक्तृत्व स्पर्धेत म्हटलंय, उत्तेजनार्थ बक्षीसही मिळालंय. आता म्हणणार नाही. ओझरच्या टाउनशिपमध्ये कारखान्यामुळेच शाळा चालते, हे एक. दुसरं म्हणजे, पैसा खर्च होणारच आहे, शेजार बदलणार नाही. पण तोच रुपया परदेशी विमानावर गेला, की लायसन्सच्या जुळणीवर, की आपल्या डिझाइनवर, यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. तिसऱ्या प्रकारच्या रुपयातून एरोडायनॅमिक्सच्या लॅब, धातूंवरचं संशोधन आणि पीएचडीच्या जागा निघतात. इंजिन अजून आपलं नाही, कारण त्या जागी आपण वर्षानुवर्षं कमी रुपये ठेवले आणि जे ठेवले त्याचा पाठपुरावा कमी केला. यावर रागवायचं असेल तर जरूर रागवा. निदान राग योग्य ओळीवर निघेल.

मावसभावाला मी परवा फोन केला. म्हटलं, "ऑर्डर बघता काम बरीच वर्षं पुरेल, पण इंजिनं वेळेवर आली तर." तो म्हणाला, "म्हणजे नक्की नाही." मी म्हटलं, "नाही." मग त्याने विचारलं, "हे कुठे लिहिलेलं असतं?"

१ फेब्रुवारीला अर्थसंकल्प सादर होईल. टीव्हीवर दुपारभर इन्कम टॅक्सच चालेल. त्याच दिवशी सरकारच्या बजेटच्या संकेतस्थळावर अनुदानाच्या मागण्या टाकतात, हिंदी आणि इंग्रजीत. संरक्षणाच्या भांडवली खर्चाची मागणी क्रमांक २१ असते. त्यात 'विमानं आणि विमानाची इंजिनं' अशी एक ओळ आहे. शेजारी गेल्या वर्षी किती ठरवले होते, सुधारित अंदाजात किती झाले आणि पुढच्या वर्षी किती, हे तिन्ही आकडे असतात. मी ते पान काढून ठेवणार आहे. मावसभाऊ रविवारी घरी असतो, त्यालाही दाखवीन. तुम्ही बघितलंत आणि काही विचारावंसं वाटलं, तर या पानाच्या पत्त्यावर लिहा.